नकाशात नसलेलं खळं

संपादकांनी माझ्याकडे लष्करातल्या आठवणी मागितल्या आहेत. त्यांचा थोडा गैरसमज झालेला दिसतो. दुसऱ्या मोठ्या लढाईच्या वर्षांत मी भिंगारच्या छावणीत नोकरीला होतो हे खरं, पण मी एकही गोळी झाडली नाही आणि माझ्या अंगावर कधी वर्दीही चढली नाही. मी छावणीच्या पगारावरचा मास्तर होतो. धोतर, कोट, काळी टोपी आणि हातात बाभळीची काठी, असा माझा अवतार. जवानांना नकाशा वाचायला शिकवणं हे माझं काम. ते मी इतकी वर्षं केलं, की आता रस्त्यात कोणी पत्ता विचारला तरी मला कंटाळा येतो. नातवंडं विचारतात, "आजोबा, तुम्ही बाँब पडताना पाहिला का?" मी म्हणतो, मी फक्त ऊन पडताना पाहिलं. मग ती खेळायला निघून जातात.

माझा वर्ग माळावर भरायचा. उघड्यावरची शाळा म्हटलं की लोकांना मौज वाटते. झाडाखाली बसायचं, वारा खायचा, पाखरं बघायची. ज्यांना असं वाटतं त्यांनी चैत्रात भिंगारच्या मागच्या माळावर एक तुकडी घेऊन बसून दाखवावं. चार भिंतींत शिकवणं फार सोपं असतं. फळा समोर असतो आणि पोरं कुठं जाऊ शकत नाहीत. माळावर नकाशा वाऱ्याने उडतो, शेळ्या वर्गातून जातात, आणि लांबून कोणाची बैलजोडी चालली की सगळे रंगरूट बैलांच्या शिंगांची चर्चा सुरू करतात. ओरडून ओरडून माझा आवाज जो बसला तो अजून नीट उठलेला नाही. डोळ्यांचं तर विचारूच नका.

तरी हे शिक्षण भिंतींच्या आत होण्यातलं नव्हतं. आमचे रंगरूट बहुतेक शेतकऱ्यांची पोरं. अक्षरओळख बेताची. त्यांच्यासमोर एकदम नकाशा धरला तर ते देवाच्या तसबिरीकडे बघावं तसे आदराने बघत बसायचे. म्हणून पहिले काही दिवस मी नकाशा काढायचोच नाही. टेकाडावर उभं करायचं, डोळे मिटायला लावायचे, जागच्या जागी फिरवायचं आणि विचारायचं, तुझं गाव कोणत्या अंगाला? जवळजवळ सगळे बरोबर हात करायचे. मग सांगायचं, हा तुझा हात म्हणजे होकायंत्र, आता ह्याला आकडा द्यायला शिकू. सावली कुठे पडते, ती दुपारपर्यंत कुठे सरकते, पावलं मोजताना खडे एका खिशातून दुसऱ्या खिशात कसे टाकायचे, हे सगळं आधी जमिनीवर. कागद सगळ्यात शेवटी.

नकाशावरच्या उंचीच्या रेघा समजावणं सगळ्यात अवघड. त्या रेघा जमिनीवर कुठेच नसतात, आणि नसलेल्या गोष्टीवर शेतकरी सहजासहजी विश्वास ठेवत नाही. मी त्यांना आटलेल्या पाझर तलावावर न्यायचो. पाणी उतरत जातं तशा काठाच्या चिखलावर एकाखाली एक रेघा उरतात. म्हणायचो, ह्या बघा. असंच समजा की पाणी ह्या डोंगराच्या माथ्यापर्यंत भरलं होतं आणि हळूहळू आटलं. एवढं सांगितलं की काम व्हायचं. पाणी आटणं आमच्या जिल्ह्यात कोणाला समजावून सांगावं लागत नाही.

साहेबलोकांच्या पुस्तकाची वेगळीच तऱ्हा. लांबचं निशाण दुसऱ्याला दाखवायचं तर झाडाचा आधार घेतात, पण पुस्तकात झाडं तीनच प्रकारची. एक झुपकेदार, एक टोकदार, एक उंच सडपातळ. आता आमच्या माळावर टोकदार झाड कुठून आणायचं? रंगरूटाला विचारलं, समोर काय दिसतं, की तो म्हणायचा, "हिवराच्या डाव्या अंगाला जुनी बाभळ हाय, तिच्या बुडात." अगदी अचूक. पण पुस्तकाप्रमाणे चूक, कारण साहेबाला हिवर आणि बाभळ सारखीच. मग मी पोरांना शिकवायचो, की बाबांनो, परीक्षेपुरतं सगळ्याच झाडांना झुपकेदार म्हणा. हे शिकवताना मला माझीच लाज वाटायची, पण पास करायचं तर हेच करावं लागे.

नमुनेही एकेक यायचे. भिंगारच्या बाजारातल्या एका शिंप्याचा मुलगा रामभाऊ भरती झाला होता. कागदावर त्याच्यासारखा नकाशा कोणी वाचत नसे. बोट ठेवलं की उंची सांगायचा, अंतर सांगायचा, ओढा कुठून कुठे वाहतो ते सांगायचा. पण माळावर सोडला की गडी हमखास हरवायचा. एकदा त्याला टेकडीमागच्या विहिरीवर पाठवलं, तर संध्याकाळी कडब्याच्या गाडीत बसून परत आला आणि वर गाडीवानाला माझ्याकडे बोट दाखवून म्हणाला, "ह्यांनीच पाठवलं मला." मी कपाळाला हात लावला.

भागुजी बरोबर त्याच्या उलटा. पाथर्डीकडच्या कोरडवाहू मुलखातला, उंच, कमी बोलणारा. अक्षरांशी त्याचं वाकडं होतं, पण जमीन एकदा पाहिली की त्याच्या डोक्यात बसायची. एखादी घळ, एखादी वाकडी टेकडी, महिन्याने विचारा. तो कधी वाट चुकला नाही. इतक्या पोरांना मी शिकवलं, पण ज्याच्या मागून डोळे मिटून चालावं असा तो एकच.

त्याची आई गयाबाई. दुष्काळात गाव सोडून ती भिंगारजवळच्या वाडीत लेकीकडे येऊन राहिली होती. छावणीतल्या खेचरांसाठी गवताचे भारे घालायची. एकदा डोक्यावरचा भारा तसाच ठेवून ती माझ्यासमोर येऊन उभी राहिली.

"मास्तर, पास-नापास तुमी करता म्हनं?"

"मी एकटा नाही करत, मावशी. काय झालं?"

"माजा थोरला गेला. मिसरच्या अंगाला, वाळवंटात. एक दिला की सरकारला. ह्यो हितंच ऱ्हाऊ द्या. काय काम सांगायचं त्ये सांगा, पर हितं ठिवा."

भाऱ्याखालून तिचे डोळे मला नीट दिसत नव्हते. मी तिला खरं तेच सांगितलं. माझ्या हातात फार काही नाही. पण फाल्गुनात एक परीक्षा आहे. तीत जे दोघं पहिले येतात त्यांना उस्ताद म्हणून इथेच ठेवतात, नव्या रंगरूटांना शिकवायला. बाकीची तुकडी ब्रह्मदेशात जाणार.

"मग त्येला पैला काडा," ती म्हणाली, आणि भारा घेऊन गेली.

त्या दिवसापासून मी भागुजीच्या मागे लागलो. दुपारी बाकीचे झोपायचे तेव्हा आम्ही दोघं लिंबाच्या सावलीत बसून अक्षरं घोटायचो. तो अंतर सांगताना "दोन हाकांवर" म्हणायचा, त्याचे यार्ड करायला शिकवलं. झाडांना झुपकेदार म्हणायला शिकवलं. सुरुवातीला त्याला ते जड गेलं. "मास्तर, बाभळीला झुपका कुटं आसतुया?" असं म्हणून तो हसायचा. पण आईने काय मागितलं ते त्याला माहीत होतं, त्यामुळे मान खाली घालून शिकायचा. माघ संपेपर्यंत तो इतका तयार झाला, की तुकडीचे सुभेदारसाहेब मला म्हणाले, "मास्तर, हा तर गेलाच नाही ब्रह्मदेशात, असं समजा." मी खुशीत गयाबाईलाही तसं सांगून टाकलं.

परीक्षा अशी होती. उमेदवाराने आपली टोळी घेऊन नकाशावर दाखवलेल्या जागेपासून एका पडक्या विहिरीपर्यंत जायचं. समोरच्या टेकडीवर शत्रू आहे असं धरायचं, म्हणजे त्याला न दिसता ओढ्याने, बांधाच्या आडोशाने, आणि वेळेत. दंडाला पांढरी पट्टी बांधलेले पंच बाजूने चालतात. टोळी शत्रूला दिसली किंवा रेंगाळली, की पंच शिट्टी वाजवून सांगतो, तुम्ही मेलात.

रामभाऊ आधी गेला. त्या दिवशी त्याने देवाचं नाव घेऊन नुसता होकायंत्राचा काटा धरला, इकडेतिकडे बघितलंच नाही, टोळीला घेऊन ओढ्याने, बांधाने नाकासमोर पळत सुटला आणि वेळेत विहिरीवर पोहोचला. मला माझ्या डोळ्यांवर विश्वास बसेना.

मग भागुजी निघाला. मी सुभेदारांबरोबर टेकाडावर उभा होतो. काय सुंदर चालला होता तो! ओढ्यातून टोळी अशी सरकत होती, की ती तिथे आहे हे माहीत असूनही मला दिसत नव्हती. ओढा संपला, बांध आला, बांधामागून विहीर अगदी समोर दिसायला लागली. मध्ये फक्त एक खळं होतं.

खळं नकाशावर नसतं. सुगीपुरतं जमीन सारवून करतात आणि नंतर नांगरून टाकतात, ते कोण नकाशावर घालणार? शहरातल्या वाचकांना सांगायला हवं. खळ्यावर मळणी होते, वारं देऊन भुसा उडवतात आणि मध्ये धान्याची रास लागते. रास मापून घरी जाईपर्यंत खळ्यात कोणी पायातलं घालून शिरत नाही. तिथे मोठ्याने बोलत नाहीत, आणि रास मापताना पहिल्या मापाला एक न म्हणता लाभ म्हणतात. आमचं घराणं आजोबांपासून ख्रिस्ती, पण आमच्याही घरात खळ्यात चपला चालत नसत. धर्म बदलला होता, ज्वारी तीच होती.

त्या खळ्यावर रास लागलेली होती. डावीकडून वळसा घातला तर शत्रू बघणार, उजवीकडून घातला तर वेळ जाणार. राशीच्या आडून सरळ पळत जाणं एवढंच शिल्लक होतं. भागुजी काठावर थांबला. मला वरून दिसलं, की तो खाली बसला आणि पायाच्या पट्ट्या सोडायला लागला. तुम्ही लष्करी पट्ट्या पाहिल्या नसतील. पायाला वेटोळी घालून गुंडाळायची ती लांबच लांब चिंधी असते. ती सोडल्याशिवाय बूट निघत नाहीत. तो बसला तशी मागची सगळी टोळी बसली. त्याने हुकूम दिला नव्हता, पण ती सगळीच शेतकऱ्यांची पोरं. बांधाला ओळीने बसून सगळे पट्ट्या सोडत होते, जणू कोणाच्या घरी जेवायला आलेत.

खळ्याचा मालक म्हातारा बिचारा बंदुका बघून घाबरला. हात जोडून ओरडत होता, "जावा की तसंच, सरकार, ऱ्हाऊ द्या, ऱ्हाऊ द्या!" भागुजी त्याला काहीतरी म्हणाला. नंतर त्या म्हाताऱ्यानेच मला सांगितलं, तो म्हणाला होता, "बाबा, तुमी घाबरून म्हनताय."

बूट गळ्यात अडकवून, बंदुका आडव्या धरून, पोरं अनवाणी राशीच्या कडेकडेने खळं ओलांडून पळाली. एक दाणा पायाखाली आला नसेल. पलीकडे जाऊन पुन्हा पट्ट्या बांधायला बसली तेव्हा पंचाने शिट्टी वाजवली. सगळे मेले. माझ्या शेजारी सुभेदारांनी मराठीत एक शिवी दिली.

परीक्षा घेणारा कप्तानसाहेब गोरा होता, पण माणूस वाईट नव्हता. त्याने भागुजीला बोलावून मोडक्या हिंदुस्थानीत विचारलं, बूट का काढले? सुभेदार घाईघाईने म्हणाले, "साहेब, धरम की बात है." साहेबाने मान डोलावली. हिंदुस्थानात धर्म असतो हे त्याला माहीत होतं. मग त्याने एकच प्रश्न विचारला, "लडाई में भी निकालेगा?"

तेवढंच. नाही म्हणायचं आणि सुटायचं. साहेबाचा चेहरा बघूनच मला कळलं, की त्याला हा मुलगा ठेवायचा होता. सुभेदारांना ठेवायचा होता, मला ठेवायचा होता, गवताच्या डेपोपाशी त्याची आई उभी होती. मी मागे उभं राहून मनातल्या मनात नाही म्हण, नाही म्हण करत होतो. भागुजीने बराच वेळ विचार केला. वर्गात मी विचारलेल्या प्रश्नावर करायचा तसाच, खरं उत्तर शोधल्यासारखा.

"रास आसंल तर काडीन, सायेब," तो म्हणाला.

साहेबाने पुढचं नाव घेतलं.

मी त्याला माळावर गाठून असा झाडला, की मला स्वतःलाच धाप लागली. म्हटलं, अरे, नाही म्हणायला तुझं काय जात होतं? कोण बघणार होतं ब्रह्मदेशात?

"इचारलं म्हनून सांगितलं, मास्तर."

"आईला काय सांगशील?"

त्याने पट्टीचं टोक नीट खोचलं. "आईला ठावं हाय. तिनंच शिकिवलंय." मग म्हणाला, "तुमी वाईट वाटून घिऊ नगा. तुमी लई केलं." मला राग आला होता तो कुठे गेला कळलं नाही. नुसतं रडू यायला लागलं, आणि ते त्याला दिसू नये म्हणून मी शेळ्या हाकलायला उठलो.

रामभाऊ उस्ताद झाला आणि भिंगारलाच राहिला. नकाशे फार छान शिकवायचा. माळावर जाताना मात्र मला बरोबर न्यायचा.

तुकडी गेली, आणि गयाबाई पुन्हा माझ्यासमोर येऊन उभी राहिली. मला वाटलं, आता शिव्याशाप देणार. तिने विचारलं, "ब्रह्मदेस कुन्या अंगाला हाय?"

मी पूर्वेला हात केला.

"म्हंजी आमच्या गावाकडं?"

"होय मावशी. तुमच्या गावावरून सरळ पुढे. फार पुढे."

हे ऐकून तिला बरं वाटलेलं दिसलं. ती खाली बसली आणि म्हणाली, दाखवा. मी काठीने मातीत रेघ काढली. हे भिंगार, ही पाथर्डी, ही गोदावरी, मग नागपूर, मग कलकत्ता. समुद्र काढला. "बोटीतूनच जावं लागतंय का?" तिने विचारलं. मी म्हटलं, नाही, वरून आसामातून डोंगरातली वाटही आहे, जमीन सलग आहे. तिने ती वाट बोटाने दोनदा गिरवून घेतली. पुढे गवत घालायला आली की ती भारा टेकवायची आणि खुरप्याच्या टोकाने स्वतःच सगळं काढायची. गोदावरी कुठे वळते तेसुद्धा चुकत नसे. मग विचारायची, आता कुठं आसंल? पत्रात सैनिकाला ठिकाण लिहायला मनाई होती. मी अंदाजाने काठी टेकवायचो.

लढाई संपली. त्या तुकडीतली पोरं एकेक करून परत आली, कोणी धड, कोणी अधू. भागुजी आला नाही. त्याच्याबरोबरच्यांना विचारलं तर म्हणाले, भर पावसात एका नदीच्या अलीकडे त्याला पुढची वाट बघायला पाठवलं होतं. तो परतला नाही आणि शोधायला गेलेल्यांना सापडला नाही. वाट बघायला त्यालाच पाठवणार, दुसऱ्या कोणाला पाठवणार? ते ऐकल्यावर मला काही दिवस जेवण गेलं नाही.

सरकारी कागद त्यानंतर आला. वाडीच्या पाटलाने तो वाचून दाखवला आणि गयाबाई तशीच माझ्याकडे आली. त्या दिवशी तिच्या डोक्यावर भारा नव्हता.

"हरवलाय म्हनत्यात, मास्तर."

युद्ध होऊन गेल्यावर हरवलेल्या माणसाचा अर्थ छावणीत सगळ्यांना कळत असे. माझं तोंड बघून ती म्हणाली, "तुमी कशाला आसं तोंड करताय? मेलाय आसं लिवलेलं न्हाई. वाट चुकलाय. पर त्यो चुकला तरी वाट हुडकून काडंल. तुमीच शिकिवलंय की त्येला."

तिच्या बोलण्यात टोमणा नव्हता. तो असता तर मला सोपं गेलं असतं. ती खाली बसली, मातीत भिंगार काढलं, पाथर्डी काढली, नद्या काढल्या, आसामातली वाट काढली, आणि मान वर करून म्हणाली, "तिथनं पायी यायचं म्हनलं तर किती दिस लागत्याल?"

खरं सांगायला हवं होतं असं मला म्हणणारे पुष्कळ भेटले. माझी बायकोही तेच म्हणाली. पण त्या बाईसमोर माझी जीभ उचलली नाही. मी काठी घेतली आणि अगदी नियमाप्रमाणे हिशेब केला. डोंगरात चाल निम्मी धरली. पावसाळ्यात नद्या उतरेपर्यंत थांबावं लागेल ते धरलं. ती मध्येच म्हणाली, "पायाला लागलं आसंल तर?" मी म्हटलं, तर आणखी हळू. तेही धरलं. आणि म्हणालो, "संक्रांतीपर्यंत."

ती मान डोलावून गेली.

संक्रांत झाली. मी काही दिवस डेपोकडचा रस्ता टाळला. मग एका सकाळी मी नव्या रंगरूटांचा वर्ग घेऊन माळावर बसलो असताना ती सरळ वर्गातच आली. पोरं बघत राहिली. तिने डोक्यावरचा भारा उतरवला आणि हाताने समोरची माती साफ केली.

"मास्तर, संक्रांत गेली."

"होय, मावशी."

"मोजताना तुमचं कुटंतरी चुकलं आसंल. पुन्ना मोजा."

मी काठी घेतली, आणि त्या सगळ्या पोरांसमोर पुन्हा मोजायला बसलो.